चेहऱ्याचा सातबारा कुणाच्या नावावर?

सप्टेंबर २०२३ मध्ये दिल्ली उच्च न्यायालयाने अनिल कपूर यांच्या बाजूने आदेश दिला आणि बऱ्याच जणांना भाबडा प्रश्न पडला: आता पिठलं झकास झालंय म्हणायचं तर अनिल कपूरची परवानगी काढायची का? तसं काही नाही. त्यांचं नाव, चेहरा, आवाज आणि त्यांच्या खास ढंगातला 'झकास' वापरून कुणी परस्पर पैसे कमवू नयेत, एवढंच कोर्टाचं म्हणणं होतं. पुढे जुलै २०२४ मध्ये मुंबई उच्च न्यायालयाने अरिजित सिंग यांच्या आवाजाची एआयकडून होणारी नक्कल रोखली.

गंमत अशी की अनिल कपूर यांच्या आदेशाच्या दोनच महिने आधी याच दिल्ली उच्च न्यायालयात सुशांतसिंह राजपूत यांच्या वडिलांची निराशा झाली होती. मुलाच्या आयुष्यावर बेतलेला चित्रपट थांबवा, अशी त्यांची मागणी होती. कोर्ट म्हणालं, हे हक्क माणसाबरोबरच संपतात, ते वारसांकडे येत नाहीत.

म्हणजे जिवंत असेपर्यंत चेहरा तुमच्या मालकीची जमीन, आणि डोळे मिटले की गायरान? हा प्रश्न अमेरिकेत चाळीसेक वर्षांपूर्वी एका हंगेरियन नटावरून फार मोठ्या भांडणानंतर सुटला. खरं तर आधी एका बाजूने आणि मग बरोबर उलट बाजूने सुटला. बेला लुगोसी हा तो नट. आपल्याला तो ड्रॅक्युला, म्हणजे कथेतला रक्तपिपासू उमराव, म्हणूनच माहीत असतो, आणि त्याच्या दुखण्याचं मूळही तेच आहे. त्याची कारकीर्द नीट उलगडली की बातम्यांमधला 'पर्सनॅलिटी राइट्स' हा शब्द आपोआप उलगडतो.

लुगोसचा म्हणून लुगोसी

मूळ नाव बेला ब्लाश्को. जन्म २० ऑक्टोबर १८८२, लुगोस गावी. हंगेरियन भाषेत गावाच्या नावापुढे 'इ' लागला की 'त्या गावचा' असा अर्थ होतो. म्हणजे लुगोसी हे आपल्या '-कर'सारखंच नाव आहे. तिकडे आडनाव आधी येतं आणि उच्चारही थोडा वेगळा: लुगोशी बेला. लुगोस तेव्हा हंगेरीत होतं. पहिल्या महायुद्धानंतर १९२० च्या तहात तो मुलूख रोमानियाकडे गेला. जाहिरातवाल्यांनी पुढे त्याला ड्रॅक्युलाच्या ट्रान्सिल्व्हेनियाचा सुपुत्र म्हणून खपवलं, पण लुगोस ट्रान्सिल्व्हेनियाच्या पश्चिमेला, बानात प्रांतात आहे.

शाळा त्याने लवकरच सोडली आणि विशीत प्रांतोप्रांतीच्या नाटक मंडळ्यांत शिरला. तिथली पद्धत 'रेपर्टरी'ची होती. मंडळीत ठरलेले नट असत आणि ते आज शोकांतिका, उद्या संगीतिका, परवा फार्स करत. एकाच भूमिकेत मुरायला वेळच नसे. १९१० मध्ये सेगेद शहरात तो रोमिओ होता. पुढच्या वर्षी तो बुडापेस्टला आला आणि १९१३ पासून हंगेरीच्या राष्ट्रीय रंगभूमीवर काम करू लागला. 'मी तिथला आघाडीचा नट होतो' असं तो अमेरिकेत सांगत असे. प्रत्यक्षात तिथे त्याच्या वाट्याला बहुतेक दुय्यम भूमिका आल्या. ज्या चेहऱ्याला पुढे जगाने सैतान ठरवलं, तो हंगेरीत एका नाटकात येशू ख्रिस्त झाला होता, हेही सांगून ठेवतो.

मधे महायुद्धात तो पायदळात होता, जखमी झाला, परत आला. १९१७ पासून त्याने मूकपटांत कामं केली. काहींत नाव लावलं आरिस्तिद ऑल्ट. १९१९ मध्ये हंगेरीत १३३ दिवसांचं कम्युनिस्ट सरकार आलं. त्या काळात नटांची संघटना बांधण्यात लुगोसी पुढे होता. सरकार कोसळलं तेव्हा पळणं भाग होतं. आधी व्हिएन्ना, मग बर्लिन आणि डिसेंबर १९२० मध्ये एका जहाजावर खलाशी म्हणून न्यू ऑर्लिन्स. वय अडतीस, आणि इंग्रजी जवळपास नाहीच.

ड्रॅक्युलाचे थर

चेहऱ्याची मालकी समजायची तर आधी पडद्यावरचा ड्रॅक्युला कुणी कुणी घडवला ते पाहायला हवं. गणपतीच्या कारखान्यात जसं माती कुणी मळतं, साचा कुणी काढतो, रंग कुणी देतो आणि डोळ्यांची आखणी करणारा कारागीर वेगळाच असतो, तसंच इथे झालं.

माती ब्रॅम स्टोकरची. त्याच्या १८९७ च्या कादंबरीतला काउंट, म्हणजे उमराव ड्रॅक्युला, म्हातारा आहे, त्याला लांब पांढऱ्या मिशा आहेत आणि कपडे नखशिखांत काळे. आपल्या डोळ्यांसमोर येतो तो हा नव्हे.

साचा रंगभूमीचा. इंग्लंडमध्ये १९२४ पासून हॅमिल्टन डीन या नटाने कादंबरीचं नाटक करून फिरवलं. काउंटला त्याने दिवाणखान्यात बोलावता येईल असा सभ्य पाहुणा केला: संध्याकाळचा औपचारिक सूट आणि वर झगा. झग्याची ती उंच, ताठ कॉलर भीतिदायक दिसावी म्हणून आली असेल असं वाटतं, पण तिचा उपयोग अगदी रोकडा होता. एका प्रसंगात पात्रं काउंटला पकडतात आणि तो त्यांच्या हातून नाहीसा होतो. त्यासाठी नट प्रेक्षकांकडे पाठ करून उभा राहायचा. कॉलरमुळे डोकं पूर्ण झाकलं जायचं. दोघे जण झगा दोन्ही बाजूंनी धरून ठेवायचे, तेवढ्यात पायाखालचा चोरदरवाजा उघडायचा आणि नट खाली उतरायचा. मग झगा ढासळायचा, आत कुणीच नाही! कॉलर आखूड असती तर डोकं खाली जाताना मागच्या रांगेलाही दिसलं असतं. शंभर वर्षांनंतर हॅलोविनच्या मुखवट्यासोबत जी कॉलर विकली जाते, ती मुळात नेपथ्यातली एक युक्ती आहे.

डोळ्यांची आखणी मात्र लुगोसीची. जॉन बॉल्डरस्टन यांनी अमेरिकेसाठी नाटकाची नवी संहिता केली आणि ५ ऑक्टोबर १९२७ ला न्यू यॉर्कच्या फुल्टन थिएटरमध्ये लुगोसी काउंट म्हणून उभा राहिला. २६१ प्रयोग झाले. त्याच्या बोलण्याची आजही नक्कल होते, तिचं कारण हंगेरियन भाषेत आहे. तिथे आघात नेहमी शब्दाच्या पहिल्या अक्षरावर येतो आणि पुढचा प्रत्येक स्वर पूर्ण वजनाने उच्चारला जातो. इंग्रज माणूस अर्धे स्वर गिळतो. लुगोसी एकही गिळत नाही. (मराठी माणूस इंग्रजी बोलतानाही बरेचसे स्वर पूर्ण उच्चारतो, पण त्याने कुणी घाबरत नाही.) पूर्ण स्वर, लांबवलेले विराम आणि टक लावलेली नजर. हे ना कादंबरीत होतं, ना संहितेत.

'त्याला इंग्रजी येतच नव्हतं, सगळा ड्रॅक्युला त्याने पोपटपंची करून म्हटला' ही दंतकथा. १९२२ मधली पहिली इंग्रजी भूमिका त्याने खरंच नुसते ध्वनी पाठ करून केली होती. चित्रपटापर्यंत त्याला अमेरिकेत दहा वर्षं होत आली होती.

शेवटचा हात चित्रपटाचा. युनिव्हर्सल स्टुडिओच्या १९३१ च्या चित्रपटात छायालेखक कार्ल फ्रॉइंड यांनी लुगोसीच्या डोळ्यांवर प्रकाशाचे बारीक ठिपके टाकले. श्रेयनामावलीनंतर पार्श्वसंगीत जवळपास नाही, त्यामुळे विराम आणखी लांब वाटतात. सुळे? संपूर्ण चित्रपटात एकदाही दिसत नाहीत. चेहऱ्यावर मेकअपही बेताचाच. ही शेवटची गोष्ट लक्षात ठेवा, कोर्टात कामाला येणार आहे.

याच सेटवर रात्रपाळीत स्पॅनिश आवृत्ती चित्रित होत होती. तिच्यातला काउंट कार्लोस व्हिलारियास. लुगोसीचं चित्रित झालेलं काम पाहायची मुभा स्पॅनिश नटांपैकी त्याला एकट्याला होती, म्हणजे त्याला हुबेहूब तसंच करता यावं. कपडे, सेट, गोष्ट तीच. तरी आज शार्पनरवर व्हिलारियासचा चेहरा कुणी छापत नाही.

सात आठवडे, ३,५०० डॉलर

युनिव्हर्सलची पहिली पसंती लुगोसी नव्हताच. लॉन चेनी या बड्या नटाचं ऑगस्ट १९३० मध्ये निधन झालं, आणखी काही नावांचा विचार झाला, आणि लुगोसी भूमिकेसाठी इतका आतुर होता की घासाघीस करायची त्याची टाप नव्हती. आठवड्याला ५०० डॉलर, सात आठवडे, एकूण ३,५००. याच चित्रपटातला देखणा पण विसरण्याजोगा नायक डेव्हिड मॅनर्स आठवड्याला २,००० घेत होता. बाजारात गरजू विक्रेता लगेच ओळखू येतो.

पण कमी पैशांपेक्षा महत्त्वाचं ठरलं ते सप्टेंबर १९३० च्या करारातलं एक कलम. त्याचा मथितार्थ असा: या चित्रपटासाठी कलाकाराने केलेला अभिनय, हावभाव, त्याचं दिसणं चित्रित करण्याचा आणि दाखवण्याचा हक्क निर्मात्याला राहील, आणि या चित्रपटाच्या जाहिरातीसाठी त्याचं नाव आणि चेहराही वापरता येईल.

'या चित्रपटाच्या' हे शब्द नीट पाहा. तुमच्या मुलीच्या लग्नाचे फोटो काढायला तुम्ही फोटोग्राफर बोलावता. फोटो त्याने काढले, अल्बम त्याने केला. उद्या त्याने तिचा फोटो एखाद्या साबणाच्या कंपनीला पाकिटावर छापायला विकला तर? 'फोटो मी काढला' हे त्याचं म्हणणं खरं आहे. 'चेहरा माझा आहे' हे तिचं म्हणणंही खरं आहे. पहिल्या हक्काला कॉपीराइट म्हणतात: निर्मितीवरचा हक्क. दुसरा व्यक्तिमत्त्व हक्क: आपलं नाव, चेहरा, आवाज यांच्या व्यापारी वापरावर आपलं नियंत्रण. एकाच फोटोत दोन्ही हक्क असतात आणि मालक दोन असतात. नव्वद टक्के गोंधळ इथेच होतो.

युनिव्हर्सलला हा फरक कळत नव्हता असंही नाही. १९३६ मध्ये ड्रॅक्युलाच्या मुलीवरचा पुढचा चित्रपट आला. लुगोसी त्यात नाही, पण शवपेटीत काउंटचा मेणाचा पुतळा लागत होता आणि तो लुगोसीच्या चेहऱ्याचा केला. या चित्रपटापोटी त्याला ४,००० डॉलर मिळाले. म्हणजे ड्रॅक्युला जगून दाखवण्यापेक्षा मेणाचा होऊन पडून राहणं जास्त किफायतशीर ठरलं.

साच्यात अडकतो म्हणजे काय होतं?

'टाइपकास्ट' होणं हा नशिबाचा खेळ समजला जातो. त्यामागे साधा हिशेब असतो. मिसळीसाठी प्रसिद्ध हॉटेलात गिऱ्हाईक मिसळच मागतं. मालकाला वाटलं आपण उत्तम पावभाजी करतो, तरी ती मागायला कुणी तिथे जात नाही. निर्माता नटाचं नाव घेतो ते पोस्टरसाठी. लुगोसी म्हटल्यावर पोस्टरवर भय आपोआप येतं, मग त्याच्याकडून प्रेमकथा करून घेण्याचा धोका कोण पत्करणार? त्यात ज्या उच्चारांनी त्याला प्रसिद्धी दिली, त्याच उच्चारांमुळे शेजारच्या अमेरिकन काकांची भूमिका त्याला मिळणं अशक्य होतं. रेपर्टरीत वीस वर्षं कमावलेली विविधता हॉलिवूडच्या बाजारात शून्य किमतीची ठरली.

एकाच मालावर दुकान चालतं तेव्हा त्या मालाची मागणी घसरली की उपासमार होते. १९३२ मध्येच त्याने दिवाळखोरी जाहीर केली होती. फ्रँकेन्स्टाइनच्या राक्षसाची भूमिका आधी त्याच्याकडे आली होती, ती गेली बोरिस करलॉफकडे, आणि करलॉफ त्याच्या पुढे निघून गेला. १९३६ मध्ये युनिव्हर्सलची मालकी बदलली, ब्रिटनमध्ये भयपटांवर निर्बंध आले, आणि दोनेक वर्षं हॉलिवूडमध्ये भयपट जवळजवळ बंदच झाले. करलॉफला इतर कामं मिळत राहिली. लुगोसी घरी बसला. १९३८ मध्ये लॉस एंजेलिसच्या एका छोट्या थिएटरने जुना ड्रॅक्युला आणि फ्रँकेन्स्टाइन पुन्हा लावले, बाहेर रांगा लागल्या, आणि भयपटांचा हंगाम परत सुरू झाला. १९३९ मध्ये इगोर या मोडक्या मानेच्या माणसाची भूमिका त्याला मिळाली. माझ्या मते त्याचं पडद्यावरचं सर्वोत्तम काम हेच, आणि त्यात ना झगा आहे ना सूट.

आपल्याला वाटतं त्याने ड्रॅक्युला दहा-वीस वेळा केला असेल. पूर्ण लांबीच्या चित्रपटांत त्याने ही भूमिका दोनदाच केली: १९३१ मध्ये आणि १९४८ च्या एका विनोदी चित्रपटात. १९४३ मध्ये कोलंबिया स्टुडिओने त्याला तोच झगा, तोच सूट घालून रक्तपिपासू केलं, पण पात्राचं नाव ठेवलं आर्मांड टेस्ला. युनिव्हर्सलच्या ड्रॅक्युलाला हात न लावता लुगोसीचा चेहरा वापरायची ही युक्ती. थर वेगळे करता येतात, हे धंद्यातल्या लोकांना वकिलांच्या आधी कळलेलं असतं.

शेवटची वर्षं वाईट गेली. दुखण्यासाठी घेतलेल्या औषधांचं व्यसन लागलं आणि १९५५ मध्ये तो स्वतःहून सरकारी रुग्णालयात दाखल झाला. १६ ऑगस्ट १९५६ ला तो गेला. कुटुंबाने त्याला ड्रॅक्युलाच्या झग्यात पुरलं.

शार्पनर, पतंग आणि पट्ट्याचं बक्कल

१९६० पासून युनिव्हर्सलने काउंट ड्रॅक्युलाचे परवाने विकायला सुरुवात केली. परवाना म्हणजे 'आमची आकृती तुमच्या मालावर छापा आणि आम्हाला पैसे द्या'. खटल्यात ज्या वस्तूंची नोंद आहे ती वाचताना जत्रेत फिरल्यासारखं वाटतं: प्लास्टिकची शार्पनर, टी-शर्ट, पत्त्यांचे खेळ, साबण, चित्रकोडी, मुखवटे, पतंग, पट्टे आणि त्यांची बक्कलं. ड्रॅक्युला तोवर इतर नटांनीही केला होता. क्रिस्टोफर ली होता, जॉन कॅराडाइन होता. पण परवान्यांत चेहरा जवळपास नेहमी लुगोसीचाच.

लुगोसीची विधवा पत्नी आणि मुलगा १९६६ मध्ये कोर्टात गेले. मुलगा पुढे स्वतः वकील म्हणून नावारूपाला आला. त्यांचं म्हणणं: १९३० चा करार त्या चित्रपटापुरता होता, शार्पनर म्हणजे चित्रपटाची जाहिरात नव्हे. १९७२ मध्ये खालच्या कोर्टात ते जिंकले. वरच्या कोर्टात हरले. आणि ३ डिसेंबर १९७९ ला कॅलिफोर्नियाच्या सर्वोच्च न्यायालयाने चार विरुद्ध तीन मतांनी युनिव्हर्सलच्या बाजूने कौल दिला.

'पण भूमिका तर स्टुडिओची होती ना?'

बहुतेकांच्या मनात येणारा हा पहिला आक्षेप. न्यायमूर्ती स्टॅनली मॉस्क यांनी आपल्या स्वतंत्र मतात साधारण हेच मांडलं: लुगोसी गुणी नट होता, पण नटच होता, पात्र त्याने निर्माण केलं नाही, आणि अनेकांनी केलेल्या पात्रावर एकाच्या वारसांना हक्क कसा सांगता येईल?

मुद्दा वजनदार आहे, पण मूर्तीच्या कारखान्याकडे परत या. काउंट या पात्रावर लुगोसीचा हक्क नव्हताच. तसा दावाही खरं तर नव्हता. युनिव्हर्सलने झगेवाल्या काउंटचं दुसरं कुठलंही चित्र छापलं असतं तर वारसांना तोंड उघडता आलं नसतं. राक्षस झालेल्या करलॉफचा चेहरा रंगभूषाकाराने घडवला होता, त्याखालचा माणूस रस्त्यात ओळखूही आला नसता. लुगोसीचं तसं नव्हतं. मेकअप नाममात्र, म्हणजे शार्पनरवर होता तो रस्त्यातून चालणाऱ्या माणसाचाच चेहरा.

'मेलेल्या माणसाला कसला हक्क?'

निकालाचा कणा इथे होता. बहुमताने असं म्हटलं नाही की चेहऱ्यावर हक्कच नसतो. म्हटलं ते असं: हा हक्क व्यक्तिगत आहे, जिवंतपणी वापरायचा आहे. लुगोसीने हयातीत आपल्या नावाने काही धंदा थाटला असता आणि त्याला लोकांत पत मिळाली असती, तर ती पत वारसांना मिळाली असती. त्याने तसं केलं नाही, म्हणून वारसांकडे यायला काही उरलंच नाही.

मुख्य न्यायमूर्ती रोझ बर्ड यांनी विरोधी मत लिहिलं. त्यांचा मुद्दा असा की दोन गोष्टींची गल्लत होते आहे. अब्रू, खासगीपणा, मनस्ताप यांचा हक्क माणसाबरोबर संपतो, कारण मेलेल्याला मनस्ताप होत नाही. पण प्रसिद्ध चेहऱ्याला बाजारात किंमत आहे, ती वर्षानुवर्षांच्या कष्टांतून आली आहे, मग ती इतर मिळकतीसारखी मुलांना का जाऊ नये? मात्र कायमची नाही, कॉपीराइटसारखी मुदत घालून. मृत्यूनंतर पन्नास वर्षं, असं त्यांनी सुचवलं.

अल्पमत हरलं, पण पाचच वर्षांत कायदेमंडळाने जवळपास तेच लिहून काढलं.

मग कायदाच बदलला

१९८४ मध्ये कॅलिफोर्नियात कायदा मंजूर झाला आणि १ जानेवारी १९८५ पासून लागू झाला. मृत्यूनंतर पन्नास वर्षं चेहऱ्याचा व्यापारी हक्क वारसांकडे. १९९९ मध्ये ही मुदत सत्तर वर्षं झाली. अट एकच, आणि ती आपल्याला फार ओळखीची वाटेल: वारसांनी राज्याच्या दप्तरात रीतसर नोंद करायची. म्हणजे चक्क वारसनोंद! कायद्याच्या आधीच्या पन्नास वर्षांत गेलेल्यांनाही तो लागू झाला, त्यामुळे १९५६ मध्ये गेलेला लुगोसी त्यात बसला. ज्याच्या पराभवातून कायदा निघाला, त्याच्याच घरच्यांना तो मिळाला.

आपल्याकडे काय स्थिती आहे?

भारतात व्यक्तिमत्त्व हक्काचा स्वतंत्र कायदा नाही. कोर्टं घटनेतल्या कलम २१ मधला खासगीपणा, कॉपीराइट, ट्रेडमार्क अशा वेगवेगळ्या धाग्यांनी हा हक्क विणतात. हयात व्यक्तीसाठी वीण घट्ट झाली आहे. मृत व्यक्तीसाठी, सुशांतसिंह प्रकरणातल्या आदेशाप्रमाणे, आपण अजून १९७९ च्या कॅलिफोर्नियात आहोत असं म्हणता येईल. फरक इतकाच की लुगोसीचा वाद शार्पनरचा होता आणि इथला चित्रपटाचा, आणि हा फरक किरकोळ नाही. जीवनावर चित्रपट करणं हा अभिव्यक्तीचा भाग. त्याला कॅलिफोर्नियातही सूट आहे.

'मग नकला, विडंबन, व्यंगचित्रं सगळं बंद?'

नाही. कॅलिफोर्नियाच्या कायद्यात नाटक, पुस्तक, बातमी, विडंबन यांना वाट मोकळी ठेवली आहे. १९९४ च्या एका चरित्रपटात मार्टिन लँडाऊ यांनी म्हाताऱ्या लुगोसीची भूमिका केली आणि सहायक अभिनेत्याचं ऑस्कर मिळवलं. आपल्याकडे २०१० मध्ये दलेर मेहंदी यांच्यासारख्या दिसणाऱ्या, त्यांच्या गाण्याच्या ओळी म्हणणाऱ्या बाहुल्यांचा खटला दिल्ली उच्च न्यायालयात झाला. बाहुल्या विकणं बेकायदा ठरलं, पण व्यंगचित्र आणि विडंबन यात येत नाही, असंही कोर्टाने बजावलं. ढोबळ कसोटी अशी: तुम्ही त्या माणसाबद्दल काही बोलताय, की त्याचा चेहरा लावून माल विकताय?

झगा उचलून धरणारा माणूस

एआयच्या आधीही मेलेल्या नटाकडून काम करून घेतलं जात होतं. लुगोसी गेला तेव्हा दिग्दर्शक एड वुड यांच्याकडे त्याची काही मिनिटांची फिल्म पडून होती. ती त्यांनी एका नव्या चित्रपटात जोडली, आणि उरलेल्या प्रसंगांसाठी पत्नीच्या हाडवैद्याला झगा घालून उभं केलं. हा गृहस्थ लुगोसीपेक्षा चांगलाच उंच, चेहऱ्यात काही साम्य नाही, म्हणून तो सगळा वेळ झगा नाकापर्यंत उचलून धरतो. प्रेक्षक हसतात. आज त्या जागी संगणकाने बनवलेला चेहरा असता आणि कुणी हसलं नसतं.

म्हणूनच २०२३ मध्ये हॉलिवूडच्या नटांनी ११८ दिवस संप केला. डिजिटल प्रतिकृतीसाठी संमती आणि मोबदला ही त्यातली मोठी मागणी होती. त्यांच्या संघटनेच्या १९३३ मधल्या अगदी सुरुवातीच्या सभासदांत लुगोसीचं नाव आहे. २०२४ मध्ये कॅलिफोर्नियाने मृत कलाकाराची डिजिटल प्रतिकृती वारसांच्या संमतीविना करण्यावर किमान १०,००० डॉलर भरपाईची तरतूद केली.

आपल्या मालिका-नाटक-चित्रपटांत काम करणाऱ्यांनी करारात नेमकं काय पाहायचं, तर आधी 'या कामासाठी' हे शब्द आहेत की 'कोणत्याही कामासाठी, कोणत्याही माध्यमात, कायमस्वरूपी' असं लिहिलंय, ते. मग खेळणी, टी-शर्ट, मोबाइल गेम यांचा वेगळा उल्लेख आहे का, आणि असेल तर टक्केवारी किती. तिसरं, आवाज किंवा चेहऱ्याची डिजिटल प्रत करण्याचं कलम. ते असलंच तर प्रत्येक वापराला नवी लेखी संमती मागावी. आणि मृत्यूनंतर संमती कोण देणार त्याचं नाव. आपल्या कॉपीराइट कायद्यात कलाकाराच्या सादरीकरणाला पन्नास वर्षं संरक्षण आहे, पण चित्रपटात काम करायला लेखी होकार दिला की निर्मात्याच्या वापराला आडवं जाता येत नाही. व्यापारी वापराच्या मोबदल्यावर हक्क राहतो, तोही मागावा लागतो.

लुगोसीच्या चेहऱ्याची सत्तर वर्षं १६ ऑगस्ट २०२६ ला पूर्ण होतात. १९३१ च्या चित्रपटाचा अमेरिकेतला कॉपीराइट पंच्याण्णव वर्षांचा, तो त्याच वर्षी ३१ डिसेंबरला संपतो. ट्रेडमार्क सांभाळून, १ जानेवारी २०२७ पासून ती शार्पनर कॅलिफोर्नियात कुणीही बनवावीत.